दिमो कोलारोव : आडोसा नसलेली माणसे आणि त्यांच्यावरचा उजेड

प्रश्न असा आहे : पूर्व युरोपातील छायाचित्रणाचा विषय निघाला की पोलंड, हंगेरी आणि चेकोस्लोव्हाकिया यांचीच नावे पुढे येतात, बल्गेरियातील एखाद्या छायालेखकाचा, म्हणजे चित्रपटाचा कॅमेरा आणि उजेड सांभाळणाऱ्याचा, नीट अभ्यास करायचा असेल तर तो कोणाचा करावा, त्याची कारकीर्द कशी होती, आणि दिग्दर्शकाच्या शैलीतून छायालेखकाची स्वतःची दृश्यशैली वेगळी कशी काढावी? छायाचित्रणाच्या विद्यार्थ्याला पडावा असाच हा प्रश्न आहे. त्याच्या तिन्ही भागांचे उत्तर मला एकाच नावाच्या आधाराने देता येते, आणि ते नाव म्हणजे दिमो कोलारोव.

हे नाव निवडण्याचे कारण सांगतो. बल्गेरियन सिनेमातील जे मोजके चित्रपट आज अभिजात मानले जातात, त्यांतले अनेक १९५८ ते १९७२ या काळात कोलारोव यांच्या कॅमेऱ्यातून उतरले. त्यांनी हे काम मुख्यत्वे दोन दिग्दर्शकांबरोबर केले आणि त्या दोघांचे स्वभाव एकमेकांपासून फार दूरचे होते. रांगेल व्हुल्चानोव हे काव्यात्म वृत्तीचे, वास्तवातून कल्पनेत सहज शिरणारे दिग्दर्शक होते; मेतोदी आंदोनोव नाटकाच्या रंगमंचावरून आलेले, नटाच्या कामावर भर देणारे आणि अनावश्यक ते सगळे गाळणारे. एकाच छायालेखकाचे काम अशा दोन टोकांच्या दिग्दर्शकांबरोबर पाहायला मिळाले की शैली ओळखण्याची रीत आपोआप हाती येते. दिग्दर्शक बदलल्यावर जे बदलते ते बहुतांशी दिग्दर्शकाचे असते, आणि दिग्दर्शक बदलूनही जे टिकून राहते ते छायालेखकाचे असण्याची शक्यता मोठी असते. कॅमेऱ्याची हालचाल, शॉटची लांबी आणि दृश्यांची रचना यांवर दिग्दर्शकाचा हात असतो. उजेड कोणत्या दिशेने यावा, चेहऱ्याची सावलीची बाजू किती भरावी म्हणजे उजळावी आणि क्षितिज चौकटीत कुठे ठेवावे, या निर्णयांत मात्र छायालेखकाचा कल लपत नाही.

कोलारोव यांच्या कामात टिकून राहणारी गोष्ट मला अशी दिसते : त्यांच्या चित्रांत उजेड दिलासा देत नाही, माणसाचा आडोसा काढून घेतो. सर्वसाधारण सिनेमात अंधार धोक्याचा आणि उजेड सुटकेचा अशी वाटणी असते. कोलारोव यांच्या उत्तम कामात धोका भर उन्हात असतो, कारण उन्हात उभा असलेला माणूस कोणाच्या तरी नजरेच्या टप्प्यात असतो. पुढे चित्रपटांविषयी जे लिहिले आहे ते सगळे याच एका निरीक्षणाच्या अनुषंगाने वाचावे.

त्याआधी थोडी पार्श्वभूमी आवश्यक आहे. बल्गेरियात १९४८ साली चित्रपट उद्योगाचे राष्ट्रीयीकरण झाले आणि निर्मिती, प्रयोगशाळा, वितरण हे सर्व सरकारच्या हाती गेले. सोफियाजवळच्या बोयाना येथील स्टुडिओ हे त्याचे केंद्र बनले. देश लहान, वर्षाला होणारे चित्रपट थोडे, त्यामुळे दिग्दर्शक आणि छायालेखक यांच्या जोड्या जमत आणि टिकत. १९५० च्या दशकाच्या पूर्वार्धातील अधिकृत पद्धतीत नायकाचा चेहरा समान उजेडात न्हालेला असे, केसांमागे बॅक लाइटची, म्हणजे मागून टाकलेल्या उजेडाची, कड असे आणि आकाश शक्यतो निरभ्र असे. सावली ही शत्रूच्या वाट्याला येई. सत्ताधारी कम्युनिस्ट पक्षाच्या १९५६ च्या एप्रिलमधील बैठकीनंतर वातावरण किंचित सैल झाले आणि तरुण दिग्दर्शकांनी या ठोकळेबाज चित्रणापासून दूर जायला सुरुवात केली. हे सैल होणे किती बेभरवशाचे होते, याची साक्ष बिंका झेल्याझ्कोवा यांच्या पहिल्या चित्रपटाने दिली. १९५७ साली तयार झालेला तो चित्रपट बंदीत अडकला आणि प्रेक्षकांसमोर यायला त्याला १९८८ साल उजाडावे लागले. अशा काळात चौकट कशी बांधायची, चेहरा किती काळा ठेवायचा, हे निर्णय केवळ सौंदर्याचे उरत नाहीत, ही गोष्ट आजच्या विद्यार्थ्याने विसरू नये.

याच काळात, १९५८ साली, व्हुल्चानोव आणि कोलारोव यांचा ‘छोट्या बेटावर’ हा चित्रपट आला. मूळ नाव ‘ना माल्किया ओस्त्रोव’. पटकथा कवी वालेरी पेत्रोव यांची. १९२३ च्या सप्टेंबरमधील सरकारविरुद्धचा कम्युनिस्टांचा उठाव मोडून काढल्यानंतर राजकीय कैद्यांना काळ्या समुद्रातील एका बेटावर डांबलेले आहे, आणि भिन्न वयांचे, भिन्न पेशांचे चार कैदी सुटकेचा बेत आखतात, अशी ही कथा आहे. तिच्यामागे सत्य घटना आहे : बुर्गास शहराजवळच्या स्वेता आनास्तासिया या बेटावरून १९२५ साली ४३ कैदी निसटले होते.

छायालेखकाच्या दृष्टीने या कथेत एक मूलभूत अडचण आहे. तुरुंगाच्या चित्रपटाची सगळी ठरलेली साधने भिंतींवर अवलंबून असतात. गजांच्या सावल्या, उंचावरच्या लहान खिडकीतून येणारा उजेडाचा झोत, अरुंद बोळ आणि दारातल्या झरोक्यातून दिसणारा डोळा ही सामग्री कोणालाही परिचित आहे. येथे बहुतेक प्रसंग उघड्यावरचे आहेत. चहूकडे समुद्र, वर आकाश, पायाखाली खडक. मोकळेपणाची जितकी चिन्हे असू शकतात तितकी सगळी चौकटीत हजर आहेत, आणि तरीही प्रेक्षकाला कोंडल्यासारखे वाटले पाहिजे. ही अडचण सोडवण्याचा मार्ग उजेडाच्या आणि क्षितिजाच्या हाताळणीतूनच जातो. म्हणून हा चित्रपट पाहताना प्रत्येक बाह्यदृश्यात दोन गोष्टी तपासाव्यात. पहिली, क्षितिजरेषा माणसाच्या शरीराला कुठे छेदते. ती पायांजवळ असेल तर माणूस आकाशासमोर उभा राहतो आणि मोठा वाटतो. ती डोक्याच्या वर गेली तर तोच माणूस जमिनीला आणि पाण्याला चिकटून राहतो, त्याला वर जायला जागा उरत नाही. दुसरी, चेहऱ्याची सावलीची बाजू किती उजळली आहे. भर दुपारी उन्हातली कातडी आणि सावलीतली कातडी यांच्यात तीन स्टॉपचा किंवा त्याहूनही मोठा फरक पडतो (एक स्टॉप म्हणजे दुप्पट किंवा निम्मा उजेड). तो फरक रिफ्लेक्टरने, म्हणजे उजेड परत फेकणाऱ्या फलकाने, भरून काढला की चेहरा देखणा होतो. तसाच ठेवला तर डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात आणि ऊन हे सोसण्याचे ओझे होते. बेटावरच्या या माणसांना ऊन सुखावत नाही, हे संवादाची वाट न पाहता पडद्यावर कळते, याचे श्रेय या दुसऱ्या निवडीला आहे.

या चित्रपटावर अधिकृत वर्तुळातून कडक टीका झाली. क्रांतिकारकांच्या कथेत जो विजयी सूर अपेक्षित होता तो येथे नव्हता. पटकथेचा त्यात वाटा आहेच, परंतु चित्रांचाही आहे असे माझे मत आहे. हुतात्म्यांना तेजोवलय देण्याची जी सवय पडद्याला लागली होती ती कोलारोव यांनी मोडली. त्यांच्या कॅमेऱ्यापुढची माणसे घामेजलेली, डोळे किलकिले केलेली, थकलेली आहेत.

यानंतर याच त्रयीचा, म्हणजे व्हुल्चानोव, पेत्रोव आणि कोलारोव यांचा, ‘पहिला धडा’ हा चित्रपट १९६० साली आला आणि त्याच वर्षी कान महोत्सवाच्या स्पर्धेत दाखवला गेला. युद्धकाळातील सोफियात एक गरीब घरचा मुलगा आणि एक सुखवस्तू घरातली मुलगी यांच्या प्रेमाची ती गोष्ट आहे. येथे शहर आहे, म्हणजे आडोसे आहेत, आणि युद्धकाळ आहे, म्हणजे रात्रीचा दिवा हीसुद्धा जिवावर बेतणारी गोष्ट आहे. प्रेमाला जागा मिळते ती शहराच्या सावल्यांत. बेटावरच्या चित्रपटाच्या शेजारी ठेवून तो पाहिला तर उजेडाविषयीची तीच भूमिका दुसऱ्या अंगाने मांडलेली दिसते.

‘सूर्य आणि सावली’ या १९६२ च्या चित्रपटापाशी मात्र थांबले पाहिजे. समुद्रकिनाऱ्यावर एक मुलगा आणि एक परदेशी मुलगी भेटतात. ऊन आहे, पाणी आहे, तारुण्य आहे, आणि त्या सगळ्यात मधूनच अणुयुद्धाची भीती शिरते. मुलाची भूमिका ‘पहिला धडा’मधल्याच गेओर्गी नाउमोव यांनी केली आहे आणि मुलीची पोलंडच्या आना प्रुत्स्नाल यांनी. जवळजवळ सगळा भार या दोन चेहऱ्यांवर आहे. अभ्यासकाला ही मोठी सोय आहे, कारण एकच नट, एकच छायालेखक आणि दोन वर्षांच्या अंतराने आलेले दोन चित्रपट, एक शहरातला आणि एक वाळूवरचा, अशी तुलना सहसा हाताला लागत नाही.

वाळूवर छायाचित्रण करताना काय घडते ते जरा खोलात जाऊन सांगतो. फिकी वाळू आणि पाणी हे दोन्ही प्रचंड मोठे रिफ्लेक्टर असतात. वरून येणारे ऊन ते खालून परत फेकतात. त्यामुळे किनाऱ्यावर चेहऱ्याच्या सावल्या आपोआप भरल्या जातात, हनुवटीखालचा काळोख नाहीसा होतो, आणि चेहऱ्याची घडण जी सावल्यांमुळे कळत असते ती पुसट होते. शिवाय चौकटीचा बराचसा भाग लख्ख असल्यामुळे उजेड मोजणारा मीटर फसतो; त्याच्या सांगण्यावर विसंबून राहिले तर चेहरे काळवंडतात आणि चेहऱ्यांसाठी स्टॉप उघडला तर वाळू आणि आकाश यांतला तपशील जातो. कोकणात ज्यांनी किनाऱ्यावर काम केले आहे त्यांना हे वेगळे सांगायला नको. जांभ्याच्या कातळावर नट उभा असताना चेहऱ्यावर उजेड परत टाकायला थर्माकोल मागवावा लागतो, आणि पंधरा पावले पुढे वाळूवर तोच नट गेला की थर्माकोल बाजूला करून उलट खालून येणारा उजेड शोषायला काळा कपडा लावावा लागतो. कृष्णधवल फिल्मवर ही कसरत आणखी अवघड होते, कारण पांढरी वाळू, फेसाळ पाणी आणि फिके आकाश यांच्यात भेद करायला रंग मदतीला नसतो.

या परिस्थितीचा अर्थ कसा लावायचा, यात छायालेखकाचे मोठेपण असते. किनाऱ्यावरचा उजेड सगळीकडून येतो, त्याला एक दिशा नसते, म्हणून त्यापासून लपण्याची दिशाही नसते. सुखाच्या क्षणी हा उजेड म्हणजे नुसता आनंद आहे. परंतु ज्या पिढीने अणुस्फोटाच्या प्रकाशाची वर्णने वाचली होती, त्या पिढीला सर्व बाजूंनी येणारा, सावलीच नाहीशी करणारा उजेड आणखी कशाची तरी आठवण करून देणारच. चित्रपटाच्या नावातले दोन शब्द परस्परविरोधी वाटतात, पण मला या चित्रपटात भीतीची जागा सावलीत कमी आणि ऊन पांढरेफटक होते तेथे अधिक दिसते. प्रचाराच्या अंगाने जाणारा विषय चित्रांनी वर उचलला, असे मी विद्यार्थ्यांना नेहमी सांगतो.

१९६३ च्या ‘इन्स्पेक्टर आणि रात्र’मध्ये व्हुल्चानोव आणि कोलारोव गुन्हेकथेकडे वळले. विनोदी नट म्हणून लोकप्रिय असलेले गेओर्गी कालोयानचेव यात तपास अधिकारी आहेत. रात्रीचे शहर, दिव्याखालचे चेहरे, खोल्यांतील चौकशा अशी ही सामग्री आहे आणि ती सफाईने हाताळली आहे. तथापि गुन्हेपटाची जी आंतरराष्ट्रीय भाषा तोवर रुळली होती तिच्यापलीकडे तो फारसा जात नाही. १९६५ चा ‘लांडगी’ सुधारगृहातील मुलींविषयीचा आहे. पुन्हा बंदिवास, पुन्हा पहारेकरी नजर. विषयांची ही पुनरावृत्ती योगायोगाची असेलही, पण कोलारोव यांना अशा विषयांत काय करायचे हे पक्के ठाऊक होते.

यानंतर दिग्दर्शक बदलतो, आणि माझ्या मते अभ्यासाचा सर्वांत महत्त्वाचा टप्पा येथे सुरू होतो. आंदोनोव यांच्या ‘पांढरी खोली’ या १९६८ च्या चित्रपटात आपोस्तोल कारामितेव यांनी रुग्णालयात पडून असलेल्या एका विद्वानाची भूमिका केली आहे. तो आपले गेलेले आयुष्य आठवतो. त्याचे संशोधन, त्यासाठी झालेला संघर्ष, पोथीनिष्ठ वरिष्ठांशी पडलेली गाठ. व्हुल्चानोव यांच्या चित्रपटांतील समुद्र, आकाश आणि कल्पनेची भरारी यांतले येथे काही नाही. राहते ती एक पांढरी खोली. पांढऱ्या भिंतींची खोली ही छायालेखकाची डोकेदुखी असते, कारण उजेड कुठेही टाकला तरी तो भिंतींवरून उसळून सगळीकडे पसरतो. वाळूवर जे घडते तेच चार भिंतींच्या आत घडते. ‘सूर्य आणि सावली’ पाहिलेल्याच्या हे लगेच लक्षात येईल की किनारा आणि रुग्णालय या दोन टोकाच्या जागा एकाच प्रकारच्या उजेडाने जोडल्या गेल्या आहेत : सर्व बाजूंनी येणारा, माणसाला एकटे पाडणारा पांढरेपणा. दिग्दर्शक बदलला, विषय बदलला, आणि ही जाण तेवढी टिकली.

आता ‘बकऱ्याचे शिंग’. मूळ नाव ‘कोझियात रोग’, वर्ष १९७२, दिग्दर्शन आंदोनोव यांचे. निकोलाय हायतोव यांनी स्वतःच्याच कथेवरून पटकथा लिहिली. सतराव्या शतकातील, उस्मानी सत्तेखालचा बल्गेरिया. काराइवान नावाच्या धनगराच्या गैरहजेरीत चार जण त्याच्या घरात शिरतात, त्याच्या बायकोवर अत्याचार करतात आणि त्यात तिचा जीव जातो. काराइवान आपल्या लहानग्या मुलीला, मारियाला, घेऊन डोंगरात निघून जातो, तिला मुलासारखी वाढवतो, लढायला शिकवतो, आणि काही वर्षांनी बापलेक त्या चौघांचा एकेक करून सूड घेऊ लागतात. पुढे मारिया एका तरुण मेंढपाळाच्या प्रेमात पडते आणि बापाने रचलेले सगळे कोसळते. बल्गेरियात ३० लाखांहून अधिक लोकांनी हा चित्रपट चित्रपटगृहात पाहिला. त्या वेळी देशाची लोकसंख्या सुमारे ८५ लाख होती. ऑस्करच्या परदेशी भाषा विभागासाठी बल्गेरियाने हाच चित्रपट पाठवला होता.

यात संवाद अतिशय थोडे आहेत. दोन माणसे डोंगरात वर्षानुवर्षे एकटी राहतात, त्यांना बोलण्यासारखे फारसे नसते. त्यामुळे कथनाचा भार चेहरे, हालचाली आणि भूप्रदेश यांच्यावर पडतो. उघड्या उतारांवर ठिपक्याएवढी दिसणारी माणसे आणि लगेच जवळून घेतलेला चेहरा, अशा टोकाच्या अंतरांतून चित्रपट पुढे सरकतो.

चित्रपट कृष्णधवल आहे. १९७२ साली रंगीत चित्रण सर्वत्र रुळलेले होते, त्यामुळे काळ्या-पांढऱ्याकडे आजचा प्रेक्षक एक निवड म्हणून पाहतो, आणि ती निवड किती अवघड आहे हे कॅमेऱ्यामागे उभे राहिल्याशिवाय कळत नाही. डोंगरातील हिरवे गवत, मातकट वाट, लोकरी-कातडी कपडे आणि उन्हात रापलेला चेहरा ही चारही डोळ्यांना अगदी वेगळी दिसतात, पण कृष्णधवल फिल्मवर ती जवळपास एकाच करड्या छटेत येऊन बसतात. माणूस पार्श्वभूमीत विरघळून जातो. त्याला वेगळा काढण्याचे मार्ग थोडे आहेत. फिल्टर लावता येतो : पिवळा लावला तर आकाश थोडे गडद होते, नारिंगी लावला तर अधिक, तांबडा लावला तर दुपारचे आकाश जवळजवळ काळे पडते आणि दूरच्या डोंगरांवरचे धूसर निळेपण निघून जाते. परंतु तांबड्याची किंमत चेहऱ्याला मोजावी लागते, कारण कातडी फिकट होते आणि ओठ त्यातच मिसळून जातात. दुसरा मार्ग दिवसाची वेळ निवडण्याचा, म्हणजे सूर्य पात्राच्या मागे किंवा कडेला असताना काम करण्याचा. तिसरा मार्ग कॅमेरा खाली नेऊन माणसाला कड्याच्या धारेवर आकाशासमोर आणण्याचा. या तिन्ही मार्गांत छायालेखक सूर्याच्या आणि डोंगराच्या स्वाधीन असतो. म्हणूनच या चित्रपटातील माणसे आणि डोंगर यांचे जे नाते दिसते ते नंतर लावलेल्या रोषणाईतून आलेले नाही. ते जागा आणि वेळ निवडण्यातून आलेले आहे.

कात्या पास्कालेवा यांचा चेहरा हा या चित्रपटाचा खरा भूप्रदेश आहे. त्यांनी यात दोन भूमिका केल्या आहेत, सुरुवातीला मारल्या जाणाऱ्या आईची आणि नंतर मोठ्या झालेल्या मारियाची. आई थोडाच वेळ पडद्यावर असते. परंतु काही वर्षांनंतरची मारिया समोर येते तेव्हा प्रेक्षकाला तोच चेहरा परत दिसतो, आता केस कापलेला, बायकी खुणा पुसलेला. बापाने मुलीतून आईला काढून टाकण्याचा प्रयत्न केला आहे आणि चेहऱ्याने तो मान्य केलेला नाही, हे कोणीही बोलून दाखवत नाही. छायालेखकासमोर येथे दोन वाटा असतात. दोन व्यक्ती वेगळ्या वाटाव्यात म्हणून आईला मऊ, पसरलेल्या उजेडात ठेवायचे आणि मुलीला कठोर, एका बाजूच्या उजेडात. किंवा साम्य टिकवायचे आणि फरक नटीवर सोपवायचा. चित्रपट पाहताना आईचा एक जवळचा शॉट आणि मारियाचा एक जवळचा शॉट शेजारी ठेवून हाच प्रश्न विचारावा. हे उदाहरण इतके बोलके आहे की छायाचित्रणाच्या वर्गात दुहेरी भूमिकेवर बोलायचे असेल तर मी दुसरीकडे जात नाही.

मारिया आणि मेंढपाळ यांचे प्रेम ज्या डोंगरात फुलते तो डोंगर नवा नाही. जेथे तिला काठी चालवायला शिकवले गेले, जेथून सावज हेरले गेले, तोच परिसर, तेच ऊन. दृश्याचे घटक तसेच राहतात आणि भाव पार बदलतो. प्रथमच उघड्यावर असणे सुखाचे वाटते. पण उघड्यावर असणे म्हणजे कोणाच्या तरी नजरेत असणे हे कोलारोव यांनी चौदा वर्षांपूर्वीच्या बेटापासून सांगितलेले आहे, आणि येथे पाहणारी नजर शत्रूची नसून बापाची आहे. आंतोन गोर्चेव यांनी रंगवलेला काराइवान पडद्यावर नसतानाही पाहत असल्यासारखा वाटतो, आणि याचे कारण आडोसा नसलेला तो भूप्रदेश आहे.

निकोलाय व्होलेव यांनी १९९४ साली हीच कथा रंगीत स्वरूपात पुन्हा केली. दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहण्यासारखे आहेत, आणि नव्या चित्रपटाला कमी लेखण्यासाठी मी हे सांगत नाही. रंग आला की गवत आणि कातडी वेगळी काढण्यासाठी झगडावे लागत नाही, आणि झगडावे लागत नाही म्हणून चौकट सैल होऊ शकते. शिवाय डोंगराची हिरवाई स्वतःच्या देखणेपणाने डोळ्यांना विसावा देते, आणि या कथेला विसावा मानवत नाही.

आंदोनोव १९७४ साली, वयाची पन्नाशीही न गाठता, वारले आणि ही जोडी तेथेच संपली.

एक शंका येथे घेतली पाहिजे. उघड्या उन्हातली ही कठोरता कोलारोव यांची म्हणून मी सांगतो आहे ती त्या काळच्या सगळ्याच बल्गेरियन छायाचित्रणाची तर नव्हती? तसे नाही, हे त्यांच्या समकालीनांकडे पाहिले की कळते. झेल्याझ्कोवा यांच्या १९६१ च्या ‘आणि आम्ही तरुण होतो’ या चित्रपटाचे छायाचित्रण वासिल होलिओल्चेव यांनी केले. युद्धकाळातील अंधारलेल्या सोफियात दोन तरुण जीव विजेरीच्या उजेडाच्या वर्तुळांनी एकमेकांना शोधतात, ती वर्तुळे रस्त्यावर, भिंतींवर फिरतात, हा त्यातील प्रसंग बल्गेरियन सिनेमात विख्यात आहे. तेथे उजेड म्हणजे जवळीक आहे, अंधारात हाती लागलेला धागा आहे. कोलारोव यांच्या नेमके उलट. व्हुलो रादेव हे स्वतः छायालेखक, १९६२ च्या ‘तंबाखू’चे छायाचित्रण त्यांचे, पुढे ते दिग्दर्शक झाले आणि १९६४ च्या ‘पीचचोर’साठी त्यांनी कॅमेरा तोदोर स्तोयानोव यांच्या हाती दिला. पहिल्या महायुद्धात एका बल्गेरियन अधिकाऱ्याची पत्नी आणि सर्बियन युद्धकैदी यांच्या प्रेमाच्या त्या कथेत उजेड पानांतून गाळून येणारा, हळुवार आहे, आणि नेवेना कोकानोवा यांच्या चेहऱ्यावर तो रेंगाळतो. विषय पुन्हा कैद्याचाच असूनही उजेडाची वृत्ती वेगळी आहे. म्हणजे हा फरक देशाचा किंवा काळाचा नसून माणसाचा आहे.

अभ्यासाविषयी व्यवहारातल्या काही गोष्टी. या चित्रपटांच्या ज्या प्रती सहज पाहायला मिळतात त्यांतील पुष्कळशा जुन्या दूरदर्शन प्रतींवरून आलेल्या असतात. त्यांत काळे रंग करडे झालेले असतात किंवा उलट काँट्रास्ट इतका वाढलेला असतो की चेहऱ्याचा मधला भाग नाहीसा होतो. कडा कापल्या गेल्याचेही दिसते. अशा प्रतीवरून फिल्मचा दाणा, काळ्याची खोली किंवा एक्स्पोजर यांविषयी मत बनवू नये. जे प्रतीच्या अवस्थेवर अवलंबून नसते तेवढेच तपासावे : उजेडाची दिशा, क्षितिजाची जागा, कॅमेऱ्याची उंची, चेहरा आणि भूप्रदेश यांतील अंतर. एकेका चित्रपटातून बाह्यदृश्यांच्या काही चौकटी थांबवून कागदावर फक्त तीन गोष्टींचे रेखाटन करावे, म्हणजे क्षितिज, माणूस आणि सावली पडण्याची दिशा. ‘छोट्या बेटावर’ आणि ‘बकऱ्याचे शिंग’ यांची अशी रेखाटने शेजारी ठेवली की दिग्दर्शकाचे काय आणि छायालेखकाचे काय, याविषयी बोलायला पक्का आधार मिळतो.

पाहण्याचा क्रम मी असा सुचवेन की आधी ‘बकऱ्याचे शिंग’ पाहावा, मग मागे जाऊन ‘छोट्या बेटावर’ आणि ‘सूर्य आणि सावली’, आणि ‘पांढरी खोली’ सर्वांत शेवटी, कारण तिचे महत्त्व बाकीचे पाहिल्याखेरीज लक्षात येत नाही. त्यानंतर पुढच्या पिढीकडे जायचे असेल तर रादोस्लाव स्पासोव यांचे काम घ्यावे. ल्युदमिल स्ताइकोव यांच्या १९८८ च्या ‘हिंसेचा काळ’ या चित्रपटाचे छायाचित्रण त्यांनी केले. तोही सतराव्या शतकातला, उस्मानी काळातील धर्मांतराविषयीचा, रोदोपी पर्वतरांगांत घडणारा. शतक तेच, डोंगर तसेच, पण चित्रपट रंगीत, विस्तीर्ण आणि गर्दीने भरलेला आहे. कोलारोव यांच्या डोंगरात तीन-चार माणसे होती. स्पासोव यांना अख्खे खोरे उजळायचे होते, आणि हजारोंच्या गर्दीत एकेक चेहरा कसा राखायचा हा त्यांच्यापुढचा वेगळा प्रश्न होता.